ग्रहण सांगणारी पेटी

“मग चूक कुणाची, एवढंच सांगा.”

भदंत इसिपालांनी वर पाहिलं. विचारणारा अजून लेण्याच्या दारातच उभा होता. नमस्कार नाही, पाणी नाही. घाट चढून आलेला दम खाली बसायच्या आत याचा प्रश्न बाहेर.

“कसली चूक?”

“तेच तर म्हणतोय, भंते. चूक नाहीच. मला फक्त ते आपल्या तोंडून ऐकायचं आहे.”

या माणसाचं नाव अर्किप. यवन होता, म्हणजे ग्रीक. त्या काळी सोपाऱ्याच्या बंदरात यवनांची बरीच घरं होती. कुणी दारू विकायचे, कुणी मिरी विकत घ्यायचे, हा धातूची बारीक कामं करायचा. हात असा चालायचा की विचारू नका, आणि जीभही तशीच. गावात कुणी जाणता पाहुणा आला की हा त्याला गाठून कोड्यात टाकणार, आणि तो अडखळला की पेठभर सांगत सुटणार. लोक त्याला मानायचे, पण पंगतीत त्याच्या शेजारी बसायला कुणी राजी नसायचं.

काखेत त्याची ती पेटी होती. लाकडाची चौकट, आत कांस्याची दातेरी चाकं एकात एक अडकवलेली, समोर तबकडी, आणि बाजूला एक मूठ. मूठ फिरवली की सूर्याचा काटा सरके, चंद्राचा सरके, गुरू-शनीही आपापल्या चालीनं निघत. मागच्या बाजूला ग्रहणाचा काटा. मूठ पुढे फिरवा, पुढच्या वर्षीचं आकाश बघा. मागे फिरवा, मागचं बघा. ही विद्या तो तिकडे आपल्या देशात शिकून आला होता, आणि सोपाऱ्यात ती दुसऱ्या कुणाला येत नव्हती. आता अशा माणसाचे पाय जमिनीवर राहावेत तरी कसे?

“बस,” भदंत म्हणाले.

“बसायला वेळ नाही.”

तो येरझारा घालू लागला. लेणं केवढंसं, चार पावलं गेला की भिंत. भिंतीपाशी वळायचा, पुन्हा यायचा. रिकाम्या हाताचा अंगठा आणि बोटं हवेतच मूठ फिरवत होती. त्याचं त्याला कळतही नव्हतं.

“मागच्या मार्गशीर्षात माझा मुलगा मिसर देशाला निघाला होता. नंदक. त्याची पहिलीच सफर. सामान जहाजावर चढलं होतं. मी पेटी बघितली. पेटीनं सांगितलं, येत्या अमावास्येला सूर्यग्रहण आहे. ग्रहण लागलं असताना माणसानं समुद्रावर असू नये, हे आमच्यात शेंबडं पोरही जाणतं. म्हणून तो उतरला.”

“मग?”

“अमावास्या आली. सगळं बंदर माना वर करून उभं. सूर्य उगवला, डोक्यावर आला, मावळला… अख्खाच्या अख्खा.” तो भिंतीशी वळला. “लोक हसले. हसू देत.”

“आणि ते जहाज?”

“ते ठरल्या दिवशी गेलं. नंदक पुढच्या जहाजानं गेला. माघात.”

तो थांबला. पुन्हा चालायला लागला.

पुढचं त्याच्यानं सांगवेना, म्हणून मीच सांगतो. पावसाळा सरता सरता जहाजं परत यायला लागली. नंदकाला ज्या जहाजावरून उतरवलं होतं, ते सुखरूप आलं. त्याच्या तांडेलानं, म्हणजे खलाशांच्या म्होरक्यानं, दोन बातम्या आणल्या. माघात निघालेलं जहाज वादळात फुटलं होतं, अरबांच्या किनाऱ्याला नुसत्या फळ्या लागल्या, माणूस एकही नाही. ही एक. दुसरी अशी की त्या अमावास्येला मिसर देशात खरोखरच सूर्यग्रहण झालं होतं. आपल्याकडे दिवेलागण झाली तेव्हा तिकडे अजून दिवस होता, आणि त्या दिवसाचा सूर्य झाकला गेला.

बापानं दोन्ही बातम्या ऐकल्या. आणि या शहाण्यानं दुसरी घट्ट धरून ठेवली.

“म्हणजे पेटी बरोबर होती,” अर्किप म्हणाला. “तिथी बरोबर, वेळ बरोबर. फक्त ग्रहण इथून दिसणारं नव्हतं. हातच्या कांकणाला आरसा कशाला? थांबा, आपल्याला त्या दिवसावर नेऊनच दाखवतो.”

त्यानं उभ्यानंच एक गुडघा वर घेऊन त्यावर पेटी टेकवली आणि मूठ मागे फिरवली. काटे भराभर उलटे गेले. एका जागी त्यानं हात रोखला.

“हे पाहा. सूर्य इथे, चंद्र इथे, आणि हा मागचा काटा. आहे का कुठे चूक?”

भदंतांनी वाकून पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

“छान केलं आहेस,” ते म्हणाले. “मग माझ्याकडे कशाला आलास?”

आता मात्र तो अडखळला.

“नंदकाची आई… सामिका… माझ्याशी बोलत नाही. तांडेल येऊन गेला त्या दिवसापासून. ताट वाढते, पाणी ठेवते, दिवा लावते, पण बोलत नाही. मी परोपरीनं समजावलं. ही मूठ फिरवून दाखवली. ती पेटीकडे बघत नाही, माझ्याकडे बघत नाही. घरात मला बसवत नाही, भंते. आणि बाहेर पडलो की…” त्यानं मान झटकली. “ती तुमच्या गावची, याच डोंगराखालची. तुमचा शब्द तिला मोठा. यंत्र बरोबर होतं, चूक कुणाचीच नाही, एवढा निरोप द्या. ती ऐकेल. मी लगेच निघतो.”

भदंतांनी एवढंच विचारलं,

“नंदकाला थांब कुणी सांगितलं?”

“पेटीनं.”

“कुणी?”

“सांगितलं ना, पेटीनं. माणूस चुकतो, यंत्र चुकत नाही.”

“असं का,” भदंत म्हणाले, आणि उठले.

त्यांनी कोपऱ्यातली चटई आणून अंथरली. अर्किपच्या हातातून पेटी हळूच काढून घेतली, चटईवर मधोमध ठेवली, तिच्यापुढे पाण्याची वाटी ठेवली. मग समोर बसून हात जोडले.

“आयुष्मान, लांबून आलात. दमला असाल.”

अर्किपला आधी बरं वाटलं. चला, कुणीतरी कदर केली. तो भिंतीला टेकून ऐटीत उभा राहिला.

“मुलाला थांब म्हणालात ते आपणच ना?” भदंतांनी पेटीला विचारलं.

“भंते, ते असं की ग्रहणाचा काटा जेव्हा—”

“तुला नाही विचारलं.”

आवाजात राग नव्हता. पाहुणा बोलत असताना मधे बोलणाऱ्याला सांगतात तसं सांगितलं.

“सामान चढलेलं होतं म्हणे,” ते पेटीला म्हणाले. “पहिली सफर. उतर म्हटल्यावर पोरगा उतरला का लगेच?”

पेटी काय बोलणार…

“नाही उतरला,” अर्किप म्हणाला. “हट्टाला पेटला.”

भदंतांनी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. “मी यांना विचारतो आहे. थांब म्हणणाऱ्याला माहीत असणार. पोरगा काय म्हणाला, आयुष्मान?”

“भंते, ही थट्टा पुरे.” अर्किप हसला, पण ते हसू काही जमलं नाही. “धातू आहे तो. धातू कसा बोलेल?”

“थांब म्हणताना तर बोलला.”

अर्किपचा चेहरा लाल झाला. एवढा घाट चढून यायचं ते या वेड्या म्हाताऱ्याच्या तोंडून हे ऐकायला? तो तरातरा पुढे आला, वाकला आणि त्यानं पेटीला हात घातला. भदंतांनी अडवलं नाही. फक्त थोडे पुढे सरकले आणि पेटीलाच म्हणाले,

“निघालात? बरं. घरी ती माउली बसली आहे. तिला काय सांगाल, आयुष्मान? तिचं पोर काय म्हणत होतं त्या दिवशी?”

अर्किपचे हात पेटीवर तसेच राहिले.

बाहेर कुठेतरी गुराखी गुरांना हाळी देत होता. ती हाळी विरली तसा अर्किप बोलला.

“तो म्हणाला, तात, एकदा तरी पेटी बाजूला ठेवा.”

भदंत पेटीकडेच पाहत होते.

“म्हणाला, तात, तांडेलाला विचारा, वारा चांगला आहे. सगळे हसतायत, तात, जाऊ द्या मला.” अर्किपचा आवाज चढत गेला. “हिला काय विचारता? हिनं काटा दाखवला, बस. थांब मी म्हणालो. त्याला गाढव म्हणालो, सगळ्या खलाशांदेखत. दंड धरून फळीवरून खाली ओढला. ग्रहणाची भीती नव्हती मला, ऐकताय ना? तांडेल मला म्हणाला होता, यवना, तुझं खेळणं घरी ठेव. मला त्याला दाखवायचं होतं. सगळ्या बंदराला दाखवायचं होतं, की अर्किप म्हणतो तसंच होतं. म्हणून उतरवला पोराला. मी उतरवला. मी.”

दगडाचं लेणं ते. शेवटचा शब्द भिंतींवर आदळून परत परत येत राहिला, आणि तो खाली बसला. आल्यापासून पहिल्यांदाच. दोन्ही हातांनी तोंड झाकून तो लहान पोरासारखा रडला, आणि मधूनच तेवढ्याच मोठ्यानं तेच म्हणत राहिला, मी उतरवला, मी उतरवला.

भदंतांनी पेटीकडे पाठ केली. सरकत सरकत त्याच्या अगदी जवळ येऊन बसले, आणि त्याच्या पाठीवर हात ठेवला.

“हळू बोललास तरी सामिका ऐकेल,” ते म्हणाले. “ती काही एवढी लांब नाही.”