बिनतोंडाचं पाखरू

एका राज्यात राजा होता, पण हुकूम चाले करालकेतू जादूगाराचा. त्याच्या बागेतला एक घास ज्याच्या तोंडी जाई, तो जन्माचा ताबेदार होई. मात्र एकानेही समोरासमोर हुकूम मोडला, तर त्याची सारी जादू धुळीला मिळणार होती. म्हणून न जेवलेल्याला तो कधी हुकूमच सोडत नसे. मोठा धूर्त गडी!

सगळी प्रजा जेवली, राजाही जेवला. राजकन्या चंपावली तेवढी रानातली बोरं खाऊन ताठ मानेने हिंडे.

"नाही जेवत? मग अळी हो आणि माझ्याच पानात राहा!" करालकेतूने शाप दिला. शाप म्हणजे हुकूम नव्हे, तो मोडता येत नसे.

झालं. बागेतल्या भूर्जवृक्षाच्या पानावर ती इवलंसं अंडं झाली, अंड्यातून अळी होऊन पानाच्या पोटात शिरली. वर पान, खाली पान. भुकेने जीव कासावीस झाला, तेव्हा तिने पान कुरतडलं आणि लाजेने रडली.

"वाक!" करालकेतू म्हणाला. ती वाकली. "गोल फिर!" ती फिरली. तो पोट धरधरून हसला आणि गेला.

फांदीवरची साळुंकी म्हणाली, "राजकन्ये, तुला खाऊ नको असा मला हुकूम आहे. गप्प राहा, असा नाही. ऐक. पंख फुटले की तुझ्या या जातीला तोंडच उरत नाही."

"आणि त्याचा ताबा?"

"तो तोंडात असतो."

"मग बाजूला सर. मला पोटभर खाऊ दे!"

पान पोकळ करून ती मातीत उतरली, कोश विणून बर्फाखाली निजली. करालकेतूला अळी चिरडणं ठाऊक. पुढे तिचं काय होतं, हे बघायला त्याला सवड कुठली?

वसंतात तिळाएवढं सोनेरी पाखरू दरबारात आलं आणि थेट त्याच्या नाकावर बसलं.

करालकेतूने आपली जादू ओळखली. "तू होय, माझं पान खाल्लेली! घे त्या अग्निकुंडात उडी!"

ज्वाळा तिला ओढत होती. दिव्यावर झेपावणाऱ्या पाखराची जातच तशी. पण तिने पाय घट्ट रोवले. तो पुन्हा ओरडला. तिसऱ्यांदा ओरडताना त्याचा आवाज चिरकला. ती हलली नाही.

कडाड् आवाज झाला. राजा दचकून जागा झाला, प्रजेच्या माना वर झाल्या, करालकेतूच्या मुठीत नुसती राख उरली. समोर चंपावली उभी होती.

"तुझा घास घेतलेलं तोंड मी मातीत टाकून आले," ती म्हणाली. "हे माझं आहे."

मग ती राजाकडे वळली. "बाबा, भूक लागली आहे. आपल्या शेतातलं काही वाढा."