ठकूआजी आणि न शिवणारा कावळा

एक होती ठकूआजी. पापड लाटावेत तर तिनं, असं सगळं गाव म्हणायचं.

एकदा काय झालं, तिचे म्हातारबा वारले. दहाव्या दिवशी नदीकाठी पिंड ठेवला, म्हणजे भाताचा गोळा, बरं का. गेलेल्या माणसाच्या मनात काही राहिलं असलं, की कावळा त्याला शिवत नाही. झालं तसंच. ऊन डोक्यावर आलं, नातवंडं भुकेनं रडायला लागली. शेवटी लेकानं पिंडाशेजारी तंबाखूची चंची ठेवली, तेव्हा कुठे कावळा शिवला.

ठकूआजी म्हणाली, "माझ्या वेळी पोरांना असं उपाशी ताटकळत ठेवायचं नाही मला."

मग तिनं घरीच भाताचा गोळा केला, परसातल्या भिंतीवर ठेवला न् हाक मारली, "ये रे बाबा, काय ते आत्ताच सांग."

कावळा आला. मान वाकडी करून म्हणाला, "आजी, मनात अडकलंय काहीतरी. मी नाही शिवायचा."

आजीला आठवलं. शेजारच्या सुभद्रेचा खलबत्ता बारा वर्षं आजीकडेच होता, आणि बारा वर्षं दोघींचं बोलणं बंद. मग गेली खलबत्ता घेऊन. दोघी आधी भांडल्या, मग रडल्या, मग चहा प्यायल्या.

दुसऱ्या दिवशीही कावळा शिवेना. आजीनं जीभ चावली. पापडाचं पीठ भिजवताना ती सुनेकडे पाठ करून बसायची. मग तिनं मंजुळेला, म्हणजे सुनेला, समोर बसवलं न् सगळं माप दाखवलं.

तिसऱ्या दिवशीही तेच. "आता काय राहिलं रे मेल्या?" कावळ्यानं भिंतीला चोच घासली. मग आजी लाजली. "माझ्या तेराव्याला सगळे लाडू खाणार, अन् मीच तेवढी नसणार."

मग काय, आजीनं जिवंतपणीच आपलं तेरावं घातलं. पहिल्या पाटावर स्वतः बसली. लोक तिच्याबद्दल चांगलं बोलायला लागले, तर म्हणाली, "जरा मोठ्यानं बोला, ऐकू येत नाही." सगळे पोट धरून हसले. कावळ्यानं गोळा तर खाल्लाच, वर एक लाडूही पळवला.

त्यानंतर आजी सात वर्षं मजेत जगली. मग एका सकाळी चहा पिऊन जी आडवी झाली, ती उठलीच नाही. सगळ्यांना फार वाईट वाटलं. पण दहाव्या दिवशी लेकानं पिंड खाली ठेवायच्या आतच कावळ्यानं झडप घातली. रडता रडता सगळ्यांना हसू फुटलं. ऊन चढायच्या आत नातवंडं घरी येऊन गरम भात जेवली.

माझ्या मनात काय राहिलंय म्हणता? एकच राहिलंय. तुम्ही निजायचं राहिलंय. मिटा बघू डोळे.