चौदा माणसांचा स्वयंपाक

घटस्फोटाचा दावा दोन वर्षं रेंगाळला होता. भावाने महिनाअखेर घर सोडायला सांगितलं, तेव्हा सुलोचनाने कोर्टाकडे निकालापर्यंतची पोटगी मागितली.

नवऱ्याचे वकील धारप हसले. "साहेब, बाई धडधाकट आहेत. सासरी चौदा माणसांचा स्वयंपाक एकहाती करायच्या. एवढ्या कामाला कुठलीही खाणावळ पंधरा हजार देईल!"

सुलोचना उभी राहिली.

"वकीलसाहेब बरोबर बोलले. नऊ वर्षं मी ते काम नवऱ्याच्याच घरी केलं, एक रुपया न घेता. तो पगार मी मागत नाही, साहेब. निकाल लागेपर्यंत वकिलांनीच सांगितलेला आकडा तेवढा द्या."

धारपांनी वळून अशिलाकडे पाहिलं. तोवर न्यायाधीशांनी पंधरा हजार लिहून टाकले होते.