माजी आमदार वाढायला उठतात

“...मग आता कुणाला पटवायचं राहिलंय?” मठाच्या प्रमुख गोदामाईंनी विचारलं.

“सगळ्यांनाच, माई.”

दत्ताजी निंबोरे पुन्हा उठून उभे राहिले. मठात आल्यापासून ही चौथी खेप. बसले की त्यांना उठावंसं वाटे, उठले की कुठं जावं ते सुचत नसे.

निंबोरे माजी आमदार. बाजार समितीच्या निवडणुकीत किसन तावरे नावाच्या कार्यकर्त्याचा खून झाला आणि कट रचल्याचा आरोप निंबोऱ्यांवर आला. खटला अकरा वर्षं चालला. शेवटी संशयाचा फायदा मिळून ते सुटले. त्यांच्या माणसांनी गुलाल उधळला, चौकाचौकात ‘सत्याचा विजय’ असे फलक लावले. ज्यांना तो खटला आठवतही नव्हता, त्यांनाही त्यामुळे नव्यानं कळला. कार्यकर्त्यांच्या उत्साहापुढं कोणाचं चाललंय!

“निकालाची प्रत दाखवतो. लोक मान हलवतात. माझी पाठ वळली की कुजबुज सुरू.” त्यांनी प्लॅस्टिकमध्ये घातलेला कागद खिशातून काढला, परत आत ठेवला. “लग्नाला गेलो तर शेजारची खुर्ची रिकामी राहते, माई. जीव नकोसा झालाय.”

“माझ्याकडं काय मागतोस?”

“मठाच्या उत्सवात एकदा माझ्यासोबत व्यासपीठावर या. तुमचा हात माझ्या डोक्यावर दिसला की लोकांची तोंडं बंद होतील.”

अंगणात दुपारची पंगत बसत होती. निंबोरे पाय बदलत उभे होते.

“येईन,” माई म्हणाल्या. “आधी ते भाताचं पातेलं घे. कडेच्या त्या म्हातारीला वाढून ये.”

निंबोऱ्यांनी तिकडं पाहिलं आणि त्यांचा चेहरा उतरला.

“माई... ती किसनची आई. भर कोर्टात माझ्याकडं बोट दाखवून रडली होती. ती पानावर आडवा हात धरेल.”

“तू केलंस का ते?”

“नाही! देवाशपथ नाही.”

“मग वाढ.”

ते गेले. म्हातारीच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. समोर पांढरे कपडे आहेत, एवढंच तिला दिसत असावं. निंबोऱ्यांनी भात वाढला. थोडी शितं पानाबाहेर सांडली.

“कोण रं बाबा तू?” तिनं विचारलं.

हजारोंच्या सभा गाजवलेला माणूस. पण तोंडातून शब्द फुटेना.

“ऱ्हाऊ दे. आमटी घाल जरा.”

त्यांनी शेजारची बादली ओढून आमटी वाढली. तिनं भात कालवला आणि घास तोंडात घातला.

निंबोरे जवळजवळ धावतच परत आले. डोळे भरून आले होते.

“जेवली, माई! माझ्या हातचं जेवली! आडवा हात धरला नाही. आता तरी... आता याल ना व्यासपीठावर?”

माईंनी अंगणाकडं पाहिलं. म्हातारी सावकाश दुसरा घास घेत होती.

“पंगत अजून उठलेली नाही,” त्या म्हणाल्या. “जा, कोणी वाढलं ते तिला सांगून ये.”