वेळूनाथांचा गडू

"दुखलं होतं का?"

तेरणानं विचारलं आणि वेळूनाथांचं बोट रक्षेच्या ताटात थबकलं. छत्तीस वर्षं ते याच ताटात अक्षरं काढून शिष्यांशी बोलत आले होते. हा प्रश्न मात्र त्यांना कुणी विचारला नव्हता.

"तळ्यानं तुमचा आवाज घेतला तेव्हा. घशात दुखलं का?"

त्यांनी बोटावरची रक्षा झटकली.

कोंडवणाचा तळपंथ सांगतो, की जग एका न उच्चारलेल्या शब्दावर तरंगतं आहे. तो शब्द कुणाच्या तोंडून चुकून निघाला, की तळ्याचा बांध फुटेल आणि सगळं बुडेल. म्हणून दर बारा वर्षांनी एक चिठ्ठी काढतात. जिचं किंवा ज्याचं नाव निघेल, त्या माणसानं तांब्याच्या गडूत तीनदा आपलं नाव पुकारायचं. मग गडूचं तोंड लाखेनं बंद करून तो दगड बांधून तळ्यात सोडायचा. आवाज तळाशी जाऊन त्या शब्दावर पहारा देतो, माणूस जन्माचा मुका होतो.

बोलणाऱ्याचे हुलगेही खपतात आणि न बोलणाऱ्याचे गहूही पडून राहतात, असं म्हणतात. कोंडवणात उलटं होतं. तिथं मुक्यांच्या पायांवर डोकं ठेवायला रांग लागायची. त्यांना स्वतःला काय वाटतं, हे विचारायची पद्धत नव्हती.

यंदा नाव निघालं होतं रानजाईचं. तेरणाची धाकटी बहीण, सतरा वर्षांची, खिंडीपलीकडच्या शेळ्या एका हाकेत परत आणणारी. आज ऊन कलायच्या आत तिचा गडू बुडायचा होता.

तेरणा ही वेळूनाथांची सगळ्यात हुशार शिष्या, आणि ते तिला पुरेपूर ठाऊक होतं. पंथाची वचनं तिला तोंडपाठ होती. महिन्यापूर्वीपर्यंत तीच इतरांना ती शिकवत होती. आपल्या घरावर आलं तेव्हा कुठे डोळे उघडले, याची तिला लाज वाटत होती. राग त्याहून जास्त होता.

तिनं पदराखालून एक गडू काढला. हिरवा पडलेला, शेवाळानं माखलेला. सकाळपासून बुड्या मारमारून तिचे डोळे लाल झाले होते. बुडालेल्या गडूला हात लावणाऱ्याला गाव वेशीबाहेर काढत असे.

गडूच्या बुडाशी नाव कोरलेलं होतं... वेळू.

म्हाताऱ्यानं रक्षेत लिहिलं, परत ठेव.

"ठेवते. आधी उघडते."

तिनं दगडानं लाख फोडली आणि गडू ताटावर उपडा केला. काहीच पडलं नाही. तिनं तो त्यांच्या कानाशी धरला.

"काही ऐकू येतंय, बाबा?"

त्यांनी मान हलवली. नाही.

"मग तुमचा आवाज गेला कुठं?"

त्यांनी गडू हातानं बाजूला सारला.

"तुम्हाला बोलता येत नाही, की तुम्ही बोलत नाही?"

वेळूनाथांनी डोळे मिटले. तेरणा थांबली नाही. ती म्हणाली, की घाटावर ती एकटी ओरडली तर लोक म्हणतील, बहिणीच्या मायेनं पोरीला वेड लागलं, आणि लाख ओततील. बाबांनी एक शब्द काढला, तर मात्र सगळं गाव ऐकेल.

"आणि नाही काढलात, तर तुमचं हे मौन नाही, बाबा. ही भीती आहे. भीतीच्या पाया मी यापुढं पडणार नाही."

गुरूला असं कुणी बोलत नाही. पण खरं सांगायचं तर कुणीतरी फार आधी बोलायला हवं होतं.

खाली घाटावर ढोल वाजू लागला. वेळूनाथ उठले. त्यांनी रक्षेचं ताट उचललं आणि अंगणात पालथं केलं. मग आपला रिकामा गडू काखेत मारून ते पायऱ्या उतरू लागले.

रानजाई गुडघाभर पाण्यात उभी होती. गडू तिच्या ओठांशी धरलेला, गावमुख्याच्या हातात वितळलेली लाख. वेळूनाथांना पाहून माणसं वाकली. त्यांनी पाण्यात उतरून रानजाईच्या हातातला गडू काढून घेतला, आणि आपला उघडलेला गडू गावमुख्याच्या पुढ्यात धरला. ढोल थांबला.

तेरणा पायरीवरून म्हणाली, "पुन्हा विचारते, बाबा. सगळ्यांसमोर. दुखलं होतं का?"

म्हाताऱ्यानं तोंड उघडलं. आधी नुसता खोकला आला. मग गंजलेली कडी सरकावी तसा एक घोगरा आवाज निघाला.

सगळ्यांच्या माना बांधाकडे वळल्या. बांधावर एक म्हैस रवंथ करत बसली होती. ती तशीच बसून राहिली. पाणी होतं तिथंच होतं.

वेळूनाथांनी गळ्यावर हात ठेवला. त्यांच्या डोळ्यांतून धारा लागल्या होत्या.

"तेव्हा नाही दुखलं," ते म्हणाले. "आता दुखतंय."