नागिणीच्या पेवातला जोंधळा

एका उजाड माळावर एक गाव होतं. गावाबाहेर जमिनीत एक खोल पेव होतं, धान्य साठवायचं. पण ते गावाचं नव्हतं, बरं का. त्यात एक म्हातारी नागीण राहायची. तिच्याकडे जोंधळा ठेवला की नागपंचमीच्या नागपंचमीला तो दुप्पट व्हायचा. एका पायलीच्या दोन. त्या तशाच ठेवल्या की दोनाच्या चार, चाराच्या आठ. मुदलाला व्याज, मग व्याजालाही व्याज. तुमच्या शाळेत चक्रवाढ म्हणतात ना, तेच. अट एकच. काढायचा तर सगळा काढायचा.

लोकांना धीर नसायचा. दोनाच्या चार झाल्या की काढून न्यायचे. हौसा मात्र हिशोबाची पक्की. लग्नात आईनं दिलेली पायलीभर जोंधळ्याची शिदोरी तिनं तशीच पेवात ठेवली, आणि रोज भाकऱ्या थापताना ती बोटांच्या पेरांवर पुढची वर्षं मोजायची. तिचा नवरा लिंबा दोर वळायचा. घरात खोकणारी सासू होती, आणि पुढं ठकू नावाची लेक झाली.

तीन वर्षं गेली. पेवात आठ पायल्या झाल्या. लिंबा म्हणाला, "हौसे, आठ पायल्यांत एक शेळी येईल. आईला दूध मिळेल."

हौसा म्हणाली, "आठ म्हणजे काय हो? वर्षभर थांबा, सोळा होतील. मग दोन शेळ्या घेऊ."

त्या थंडीत सासूचा खोकला थांबला, आणि सासूही गेली. लिंबा पुन्हा दोर वळायला बसला. पण सासूचे दिवस करताना हौसाच्या मनात आलंच, की आता खाणारं एक तोंड कमी झालं. स्वतःच्याच मनाची तिला भीती वाटली.

मग सोळाच्या बत्तीस झाल्या, आणि पाऊस पडला नाही. दोर कोण घेणार? लिंबा म्हणाला, "आता काढ."

"पुढच्या पंचमीला चौसष्ट होतात," हौसा म्हणाली. "मग जन्मात कुणापुढं हात पसरायला नको."

"तुझं पुढचं वर्ष कधी संपतं गं?" एवढंच बोलून लिंबा घाटात दगड फोडायला गेला. दोन महिन्यांनी त्याच्याबरोबरचा माणूस आला. दरड कोसळली होती. त्यानं लिंबाची घोंगडी उंबऱ्यावर ठेवली आणि पाणीसुद्धा न पिता निघून गेला.

पुढची पंचमी आली. चौसष्ट झाल्या. आता तरी काढावं की नाही? पण हौसाला वाटलं, आता काढलं तर दोन माणसं गेली ती कशासाठी? एवढं सोसलं, तर आणखी थोडं. ती रानातला पाला शिजवायची. पाऊस पुन्हा फिरकला नाही. ठकूच्या हातापायांच्या काड्या झाल्या. मग एका सकाळी ठकू उठेचना. डोळे उघडे, पण ओठ हलेनात.

हौसा पेवाकडे धावली. नागीण वर आली आणि म्हणाली, "चौसष्ट आहेत, बाई. चार दिवसांवर पंचमी आली. तेव्हा एकशे अठ्ठावीस. थांबतेस?"

आणि काय सांगू, त्या वेळीसुद्धा हौसाची बोटं पेरांवर फिरायला लागली. एकशे अठ्ठावीस, दोनशे छप्पन्न. तिनं हात पदरात दाबून धरले.

"पोर चार दिवस काढील का?" तिनं विचारलं.

नागीण म्हणाली, "मला जोंधळ्याचा हिशोब येतो. पोरीचा येत नाही."

"मग सगळा काढ," हौसा म्हणाली.

नागिणीनं जोंधळ्याची रास वर लोटली. हौसानं ओटीत मावला तेवढा घेतला आणि घराकडे पळत सुटली. भरडून पातळ पेज केली. पहिला घोट ठकूच्या ओठांवरून ओघळला. दुसराही ओघळला. तिसरा पोटात गेला.

हौसानं त्या राशीतून घरटी एकेक पायली वाटली. व्याज नको म्हणाली. गावानं त्यावर कसाबसा तग धरला. पुढं पाऊस झाला. हौसानं पुन्हा पायलीभर जोंधळा पेवात ठेवला, का नाही ठेवायचा? पण घरात अडलं की त्याच दिवशी जाऊन काढून आणायची. पुढं किती होतील, ते मोजत बसायची नाही. ठकू मोठी झाली, चांगल्या घरी पडली, तिच्या अंगणात शेळ्या आल्या. हौसा तिच्याकडे जाऊन पोटभर जेवायची. फक्त भाकऱ्या थापताना अजूनही तिच्या हातून एक जास्तीची व्हायची, लिंबाच्या वाटणीची. ती कुणी मोडायचं नाही.

असं ते घर सुखानं नांदलं, जे उरलं होतं ते. चला, पाय आत घ्या. पोटं भरलीत ना सगळ्यांची? मग मिटा डोळे.