सगुणेने नाकारलेले घर

नदीकाठच्या एका राजधानीत सगुणा नावाची बुरडीण राहत होती. सुपे-टोपल्या विणून ती पोट भरी. राजधानी वाढत होती. वाडे, घाट, बाजारपेठा उभ्या राहत होत्या. त्या उभारणारे गवंडी, वडार, सुतार मात्र सगुणेसारखेच तटाबाहेर, खंदकाकाठी झोपड्यांत राहत. शहरात त्यांना कोणी भाड्यानेही खोली देत नसे.

एके दिवशी दवंडी पिटली गेली. राजाला खंदकाकाठी आमराई लावायची होती, म्हणून महिन्याभरात झोपड्या हलवायच्या होत्या. कुठे जायचे, ते दवंडीत नव्हते.

सगुणा दारोदार फिरली. दुसऱ्या सकाळी दीडशे कुटुंबांनी राजवाड्यासमोरच्या चौकात चुली मांडल्या. घराला जागा मिळेपर्यंत भाकरी इथेच भाजायची, असे त्यांनी ठरवले.

कारभारी धूर्त होता. त्याने सगुणेला एकटीलाच बोलावून तटाच्या आतले एक दगडी घर दाखवले. दोन खोल्या, पुढे ओसरी, परसात विहीर. लोकांना चुली उचलायला लावल्या तर घर तिचे. सगुणेची लेक बाळंतपणाला आली होती, दिवस भरत आले होते. सगुणेने भिंतीवरून हात फिरवला. तिचा पाय निघेना.

मग ती शांतपणे म्हणाली, "घर चांगलं आहे, कारभारी. पण चौकात माझी माणसं उघड्यावर बसलीत. त्यांना उठवून मी इथं दिवा कसा लावू?"

कारभाऱ्याने सर्वांत आधी तिचीच झोपडी पाडली. लेक चौकातच बाळंत झाली; बायकांनी लुगड्यांचा आडोसा धरला. ही बातमी कामावर पोहोचली, तशा गवंड्यांनी थाप्या खाली ठेवल्या. राजाच्या अतिथिगृहाची कमान अर्धीच राहिली.

काम का थांबले, हे विचारायला राजा स्वतः आला. एक म्हातारा गवंडी हात जोडून म्हणाला, "महाराज, तुमच्या पाहुण्यांसाठी आम्ही महाल बांधतोय. आज इथं एक पोर जन्माला आली. तिला छप्पर नाही."

राजा खजील झाला. त्याने खंदकाकाठची जमीन त्या कुटुंबांच्या नावे करून दिली. लाकूड, दगड सरकारी कोठारातून दिले. पहिली जागा सगुणेने निवडावी, असे सगळे म्हणाले. तिने आपले नाव यादीत शेवटी घालायला सांगितले. तिचे घर उभे राहिले तेव्हा नात चालू लागली होती.

तात्पर्य: एकट्यापुरते पदरात पडते ती मेहेरबानी, सगळ्यांसाठी झगडून मिळतो तो हक्क.